सिकलसेल: रिपोर्ट हातात पडल्यावर विचारले जाणारे प्रश्न

पूर्व विदर्भातल्या एका तालुक्याच्या गावी मी सिकलसेलच्या रुग्णांचं आणि वाहकांचं समुपदेशन करते. माझा धाकटा भाऊ एसएस आहे, म्हणजे त्याला हा आजार आहे. मी स्वतः एएस, म्हणजे फक्त वाहक. यातले बरेचसे प्रश्न आधी आमच्याच घरात विचारले गेले होते. तेव्हा उत्तर द्यायला कुणी नव्हतं, म्हणून इथे जरा सविस्तर लिहिते आहे.

सिकलसेल म्हणजे रक्तात नेमकं काय होतं?

रक्ताला लाल रंग देणारं हिमोग्लोबिन तांबड्या पेशींत असतं आणि तेच शरीरभर प्राणवायू पोचवतं. सिकलसेलमध्ये या हिमोग्लोबिनची घडण जन्मापासून थोडी वेगळी असते. किती वेगळी? त्याच्या बीटा साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्ल हवं, तिथे व्हॅलिन येऊन बसतं. बस्, एवढंच. पण प्राणवायू सोडल्यावर असं हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून त्याचे कडक धागे होतात आणि गोल, मऊ पेशी ताणली जाऊन विळ्यासारखी वाकडी होते. आमच्याकडे त्याला इळा म्हणतात. लोकांना समजावताना मी हाच शब्द वापरते.

पुढचा त्रास दोन वाटांनी येतो. निरोगी तांबडी पेशी साधारण १२० दिवस जगते, ही वाकडी पेशी १० ते २० दिवसांतच फुटते. हाडांतला मगज कितीही राबला तरी एवढी भर घालू शकत नाही, म्हणून रक्त कायम कमी राहतं. दुसरं म्हणजे या कडक पेशी बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात. पुढच्या भागाला प्राणवायू मिळत नाही आणि तिथे असह्य ठणका लागतो.

शिकागोच्या जेम्स हेरिक या डॉक्टरांनी १९१० मध्ये अशा पेशींचं पहिलं वर्णन छापलं. भारतात १९५२ मध्ये निलगिरीतल्या आदिवासींमध्ये हा दोष सापडला, आणि पुढच्या काही वर्षांत नागपूरच्या डॉक्टरांनी आपल्या भागातली नोंद केली. म्हणजे आजार नवा नाही. आपल्या घरात त्याला नाव उशिरा मिळालं, इतकंच.

रिपोर्टवर ‘एएस’ लिहिलंय. मला सिकलसेल झाला का?

नाही. सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो, म्हणून हे उत्तर दोनदा वाचा.

प्रत्येकाला हिमोग्लोबिनचा एक जनुक आईकडून आणि एक बापाकडून मिळतो. दोन्ही चांगले तर एए. एक चांगला, एक सिकलचा, तर एएस, म्हणजे वाहक. दोन्ही सिकलचे तर एसएस, म्हणजे ग्रस्त. वाहक माणूस आजारी नसतो. त्याला रोजची गोळी लागत नाही, तो शेतात राबू शकतो, पोलीस भरतीची तयारी करू शकतो. फार उंच डोंगरावर जाताना किंवा उन्हात पाण्याविना जीव तोडून धावताना थोडी काळजी घ्यावी. लघवीतून रक्त गेलं तर डॉक्टरांना दाखवताना आपण एएस आहोत हे सांगावं. याहून अधिक काही नाही.

एएस हा नंतर वाढत जाऊन एसएस होत नाही, हा दुसरा हमखास प्रश्न. जन्माला येताना जे असतं तेच शेवटपर्यंत राहतं. एकाचा दुसऱ्याला लागतही नाही. एका ताटात जेवा, एका अंथरुणात झोपा.

गावातल्या शिबिरात ‘सोल्युबिलिटी पॉझिटिव्ह’ आली. पुढे काय?

ही फक्त चाळणी आहे. बोटातून रक्ताचा थेंब घेऊन काचेच्या नळीतल्या द्रावणात टाकतात, आणि नळीमागे काळ्या रेघांचा कागद धरतात. रेघा आरपार दिसल्या तर निगेटिव्ह. नळी गढूळ होऊन रेघा झाकल्या तर पॉझिटिव्ह. पण नळी एएसची असो की एसएसची, गढूळच होते. दोघांतला फरक इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी या तपासणीतच कळतो. तो दुसरा रिपोर्ट येईपर्यंत कुणालाही ‘सिकलवाला’ ठरवू नका.

सहा महिन्यांखालच्या बाळावर ही नळीची चाचणी भरवशाची नाही. आणि नुकतंच रक्त चढवलं असेल तर एचपीएलसी करणाऱ्यालाही आधी तसं सांगा. रिपोर्टमध्ये दुसऱ्याचं रक्त मिसळून येतं, तेव्हा साधारण तीन महिने थांबून तपासणी करतात.

हा अमुक समाजाचाच आजार आहे ना?

हे वाक्य ऐकलं की मला त्रास होतो. गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा, नागपूर, अमरावती, यवतमाळ आणि तिकडे नंदुरबार, धुळे, पालघर या पट्ट्यात तो जास्त आहे. गोंड, माडिया, प्रधान, कोरकू, भिल्ल, पावरा या जमातींत आहे, विदर्भातल्या अनुसूचित जातींत आहे आणि इतर मागास समाजांतही आहे. याचं कारण जातीत नाही, मलेरियात आहे. अँथनी ॲलिसन या संशोधकाने १९५४ मध्ये दाखवलं की वाहकाला जीवघेण्या मलेरियापासून बरंच संरक्षण मिळतं. जिथे पिढ्यान्‌पिढ्या जंगल, डास आणि हिवताप होता तिथे वाहक मुलं जास्त जगली, आणि हा जनुक टिकून राहिला. आफ्रिकेत, अरबस्तानात, भूमध्य समुद्राच्या काठावर हेच घडलं. ज्याने आपल्या पूर्वजांना जगवलं त्याची लाज कशाची?

एक सावधगिरी मात्र हवी. हे संरक्षण वाहकाला आहे, एसएसला नाही. एसएसच्या मुलाला मलेरिया झाला तर उलट तो जास्त घातक ठरतो. मच्छरदाणी आधी त्याच्या खाटेला बांधा.

बाळ जन्मलं तेव्हा ठणठणीत होतं. मग नवव्या महिन्यात हे कुठून आलं?

जन्मतः बाळाच्या अंगात गर्भातलं हिमोग्लोबिन भरपूर असतं, आणि ते पेशींना वाकू देत नाही. सहा महिन्यांनंतर ते ओसरत जातं आणि आजार डोकं वर काढतो. पुष्कळदा पहिली खूण हातापायांवर दिसते. पंजे, पावलं टम्म सुजतात, बोटं गाजरासारखी होतात, बाळ पाय टेकू देत नाही, हात लावला की किंचाळतं. माझ्या आईला वाटलं होतं काहीतरी चावलं. तिने हळद लावली, कुणीतरी उतारा करून दिला. चार दिवसांनी सूज गेली आणि आम्ही सगळे ते विसरून गेलो. पुढची पाच वर्षं आम्हाला नाव कळलं नाही. दोन्ही हात किंवा दोन्ही पाय एकदम सुजलेलं बाळ घरात असेल तर आधी रक्त तपासा.

डोळे कायम पिवळे असतात. काविळीची माळ घातली, उतरत नाही.

उतरणार नाही. तांबड्या पेशी रोज भराभर फुटतात, आणि त्यातून निघणारं पिवळं द्रव्य डोळ्यांत दिसतं. यकृताच्या संसर्गाने होणारी कावीळ वेगळी. माळ लांबते तशी कावीळ उतरते या समजुतीत महिना जातो. झाडपाल्याच्या नावाखाली काय पोटात जातं ते कुणी सांगत नाही, शिवाय माळ देणाऱ्या माणसाने तेल-मीठ बंद करून आधीच अशक्त पोराला उपाशी ठेवलेलं असतं. हे थांबवा. मात्र पिवळेपणा एकाएकी वाढला, उजव्या कुशीत वर दुखायला लागलं, ताप आला, तर दवाखान्यात जा. या आजारात पित्ताचे खडे लवकर होतात.

ठणका लागतो तेव्हा नेमकं काय करायचं?

आधी विश्वास ठेवायचा. माझा भाऊ नववीत होता. घटक चाचणीच्या आठवड्यात त्याच्या मांडीत आणि पाठीत ठणका सुरू झाला. एका दवाखान्यात ड्युटीवरच्या डॉक्टरांनी त्याला तपासलं. सूज नाही, जखम नाही, ताप नाही. ते म्हणाले, “पेपर टाळायचा आहे वाटतं.” भाऊ भिंतीकडे तोंड करून पडला, आणि त्यानंतर कितीतरी वर्षं दुखलं तरी तो सांगायचाच नाही. हाडाच्या आत रक्त अडल्यावर वरून काही दिसत नाही. वेदना मोजायचं यंत्र नाही. पेशंट जितकी सांगतो तितकी ती आहे असं धरूनच उपचार करावे लागतात.

घरी: भरपूर पाणी, अंगावर ऊब, गरम पाण्याच्या पिशवीचा हलका शेक, विश्रांती आणि डॉक्टरांनी ठरवून दिलेल्या मात्रेत पॅरासिटामॉल. बर्फ कधीही लावू नका, थंडीने रक्तवाहिन्या आणखी आवळतात. दुकानातून आणलेल्या ताकदवान पेनकिलर रोज खाल्ल्या तर मूत्रपिंडावर ताण येतो, आणि सिकलसेलमध्ये मूत्रपिंड आधीच नाजूक असतं. घरच्या उपायाने काही तासांत उतार पडला नाही तर दवाखान्यात सलाईन आणि वेळ पडल्यास मॉर्फिनसारखं औषध द्यावं लागतं. त्याला घाबरू नका.

ठणका बोलावून आणणाऱ्या गोष्टी आपल्या कामाच्या वर्षाशी जुळतात. मार्च-एप्रिलमध्ये पहाटेपासून मोहफुलं वेचणं, मे महिन्यात तेंदूपत्त्याला उन्हात उपाशीपोटी फिरणं, जुलैत रोवणीला दिवसभर चिखलपाण्यात भिजत उभं राहणं, डिसेंबरात गार पाण्याने आंघोळ. एसएसच्या माणसाने काम करू नये असं मी म्हणत नाही, घर चालवायचं असतं. पण बांधावर पाण्याचा डबा आपला वेगळा ठेवा आणि दर तासाला प्या. मोठ्या माणसाला दिवसाला तीन-चार लिटर पाणी हवं. ओले कपडे अंगावर वाळू देऊ नका. मोहाची दारू अंगातलं पाणी काढते, ती नकोच.

घरी थांबायचं नाही अशी लक्षणं कोणती?

ताप १०१ च्या वर गेला की. लहान मुलात ही सर्वांत मोठी धोक्याची घंटा, कारण त्याची पानथरी म्हणजे प्लीहा निकामी होत आलेली असते आणि जंतूंशी लढायची ताकद कमी असते. छातीत दुखून धाप लागली की. तोंड वाकडं झालं, एका बाजूचा हात उचलेना, बोलणं अडखळलं, झटका आला की. लहान मुलालाही पक्षाघात होतो. पोट डावीकडे एकाएकी फुगून मूल पांढरंफटक पडलं की. पुरुषात किंवा मुलग्यात लिंगाचा ताठरपणा दुखत राहून काही तास उतरला नाही की. या शेवटच्याबद्दल घरात कुणी बोलत नाही, पोरगा रात्रभर सोसतो आणि कायमचं नुकसान होतं. बापाने त्याला आधीच सांगून ठेवावं.

पानथरीची तपासणी आईला शिकता येते. जमैकातल्या डॉक्टरांनी हे आयांना शिकवलं आणि जीव वाचले. बाळ शांत झोपलं की डाव्या फासळ्यांखाली बोटं हलकेच दाबत वर न्यायची. काही कडक लागतं का, कालच्यापेक्षा जास्त खाली आलंय का, एवढंच पाहायचं. नर्सताईंकडून एकदा हात धरून शिकून घ्या.

रक्त कमी आहे म्हणून लोहाच्या गोळ्या द्यायच्या का?

स्वतःच्या मनाने नाही. इथे रक्त बाहेर वाहून गेलेलं नसतं. पेशी शरीरातच फुटतात आणि लोह आतच राहतं, त्यात वारंवार रक्त चढवलं असेल तर ते साचतंही. लोहाची कमतरता तपासून दाखवली तरच डॉक्टर गोळी देतात. शाळेत लोहाच्या गोळ्या वाटतात तेव्हा मुलाचं सिकलसेलचं कार्ड बाईंना दाखवा आणि आरोग्य केंद्रात विचारून घ्या. एसएसला रोज लागते ती फोलिक ॲसिडची गोळी, कारण मगज सतत नव्या पेशी बनवत असतो. सोबत पालेभाज्या, डाळी, मोड आलेली कडधान्यं. बीट किंवा गुळाने हा आजार जात नाही, तरी खायला हरकत नाही.

पाच वर्षांपर्यंत पेनिसिलीन आणि न्यूमोकोकसची लस, ही दोन्ही न चुकता.

हायड्रॉक्सीयुरिया कॅन्सरचं औषध आहे म्हणतात. मुलाला कसं देऊ?

होय, ते रक्ताच्या काही कर्करोगांतही वापरतात. सिकलसेलमध्ये मात्रा कमी असते आणि हेतू वेगळा असतो. ते गर्भातलं हिमोग्लोबिन पुन्हा वाढवतं, आणि तेच पेशींना वाकू देत नाही. १९९५ मध्ये अमेरिकेतल्या मोठ्या अभ्यासात ठणक्यांचं प्रमाण जवळपास निम्म्यावर आलेलं दिसलं. औषध स्वस्त आहे, सरकारी दवाखान्यात मिळतं.

माझ्या अनुभवात ते बंद पडण्याचं कारण दुष्परिणाम नसतात. दोन-तीन महिने गुण येत नाही, म्हणून लोक सोडून देतात. गुण यायला वेळ लागतोच. शिवाय ठणका आला तरच घ्यायचं हे औषध नाही, ते रोज घ्यायचं. अधूनमधून सीबीसी, म्हणजे रक्तपेशींची मोजणी, करावीच लागते, पांढऱ्या पेशी खूप उतरल्या तर डॉक्टर थोडे दिवस थांबवतात. मूल हवं असेल तर नवरा असो की बायको, औषध चालू असताना आधी डॉक्टरांशी बोला. गरोदरपणात ते घेत नाहीत.

सारखं रक्त चढवावं का?

नाही. एसएसच्या पुष्कळ माणसांचं हिमोग्लोबिन कायम ७ ते ९ च्या दरम्यान असतं आणि शरीराला त्याची सवय असते. आकडा पाहून बाटली लावायची नसते. एकदम उतरलं, पक्षाघात झाला, छातीची गुंतागुंत झाली, शस्त्रक्रिया आहे, अशा वेळी रक्त लागतं. सरकारी रक्तपेढीत सिकलसेलच्या रुग्णाला ते मोफत मिळतं. पैसे मागितले तर कार्ड पुढे करा.

मुलगी एएस निघाली. आता तिचं लग्न?

मुलीचा रिपोर्ट पाहून स्थळ मोडतं आणि मुलाने बोटाला सुईसुद्धा लावून घेतलेली नसते, असं मी कितीदा पाहिलं. तपासणी दोघांची हवी आणि मुलाची आधी झाली तरी बिघडत नाही.

हिशोब असा. एएस आणि एए यांचं लग्न झालं तर एकही मूल एसएस होत नाही, काही वाहक होतील. एसएस आणि एए यांची सगळी मुलं वाहक होतात, आजारी एकही नाही. दोघं एएस असतील तर प्रत्येक गर्भारपणात २५ टक्के एसएस, ५० टक्के वाहक, २५ टक्के एए अशी शक्यता असते. ‘प्रत्येक’ या शब्दावर बोट ठेवा. “पहिलं एसएस झालं, आता पुढची तीन सुटली,” असं मला एका आजोबांनी समजावून सांगितलं होतं. तसं नसतं, दर वेळी फासा नव्याने पडतो. आणि एसएस मूल होण्यासाठी आई-बाप दोघांकडून जनुक यावा लागतो. सुनेला बोल लावणाऱ्या घराने आपल्या मुलाचाही रिपोर्ट वाचावा.

जोडीदाराची नळीची चाचणी निगेटिव्ह आली एवढ्यावर थांबू नका. तो थॅलेसेमियाचा वाहक असू शकतो, ते नळीत दिसत नाही. सिकल आणि थॅलेसेमिया एकत्र आले तरी मूल आजारी होतं. दोघांची एचपीएलसी करा.

दोघंही एएस आहोत, लग्न झालंय. मूल होऊ द्यायचं नाही का?

तो तुमचा निर्णय आहे, माझा नाही. गर्भाची तपासणी करता येते. साधारण १० ते १२ आठवड्यांत वारेचा बारीक तुकडा घेऊन, किंवा पुढे १६ आठवड्यांनंतर गर्भजल घेऊन. दिवस राहिले की लगेच या. पाचव्या महिन्यात सोनोग्राफीला आल्यावर पहिल्यांदा विषय निघाला तर विचार करायलाही वेळ उरत नाही.

एसएस असलेल्या बाईलाही मूल होऊ शकतं. बाळंतपण जोखमीचं असतं, म्हणून नाव लवकर नोंदवा आणि रक्त मिळेल अशाच रुग्णालयात बाळंत व्हा.

कायमचा बरा होतो का?

मगज प्रत्यारोपणाने होऊ शकतो. त्यासाठी शक्यतो पूर्ण जुळणारं सख्खं भावंड लागतं, आणि एकेक भावंड जुळण्याची शक्यता चारात एक. भावंड एएस असलं तरी चालतं. आम्ही मोठ्या आशेने तपासलं होतं, माझं भावाशी जुळलं नाही. डिसेंबर २०२३ मध्ये अमेरिकेत दोन जनुकीय उपचारांना मान्यता मिळाली, पण एका रुग्णाचा खर्च वीस लाख डॉलरहून जास्त आहे. ‘सिकलसेल मुळापासून घालवतो’ अशी पत्रकं बसस्टँडवर वाटणाऱ्यांकडे यातलं काहीच नसतं.

सवलती कोणत्या?

२०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत सिकलसेल आहे. जिल्हा रुग्णालयातून प्रमाणपत्र काढा, त्यावर परीक्षेत वाढीव वेळ मागता येतो. एसटीच्या प्रवासातही सवलत आहे, अटी आगारात विचारा. १ जुलै २०२३ ला मध्य प्रदेशातल्या शहडोलमधून राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान सुरू झालं. त्यात ४० वर्षांपर्यंतच्या सगळ्यांची तपासणी आहे, आशाताई घरी आल्या तर टाळू नका.

तांबड्या पेशी फुटणारे असे आणखी आनुवंशिक आजार आहेत?

आहेत. थॅलेसेमिया वर आलाच. हेरेडिटरी स्फेरोसायटोसिसमध्ये पेशी गोळीसारख्या होतात आणि पानथरीत अडकून फुटतात. जी-६-पीडीची कमतरता मुख्यतः मुलग्यांत दिसते. तो माणूस एरवी धडधाकट असतो, पण मलेरियाची प्रायमाक्विनची गोळी किंवा कपाटातल्या डांबरगोळ्यांचा संपर्क आला की पेशी झपाट्याने फुटतात, लघवी काळ्या चहासारखी होते. आपल्या भागात मलेरिया आणि हे दोन्ही आहे, म्हणून प्रायमाक्विन घेताना डॉक्टरांना विचारा.

रात्री अचानक निघावं लागलं तर सोबत काय घ्यावं?

आमच्या घरी दाराच्या खुंटीला एक कापडी पिशवी अडकवलेली असते. तिच्यात भावाचं कार्ड, शेवटची सीबीसी, चालू गोळ्यांचं पाकीट, पाण्याची बाटली आणि एक जाड चादर असते, कारण मोटरसायकलवर वारा लागला की पोचेपर्यंत ठणका दुप्पट होतो. वर एक कागद आहे, मोठ्या अक्षरात लिहिलेला: एसएस पॅटर्न, बरा असताना हिमोग्लोबिन ८, रक्तगट, कोणत्या औषधाची ॲलर्जी, मागच्या वेळी कोणत्या औषधाने ठणका उतरला. तो कागद ड्युटीवरच्या डॉक्टरांच्या हातात द्या. पोटात ठणका असलेल्या माणसाला हे सगळं तोंडाने सांगता येत नाही.